क्रमाने येते

चि. सई आणि चि. चिन्मय,

सई, तुझं पत्र मिळालं. तिकडची नागरिक झालीस, शपथ घेतलीस, छोटा झेंडा हातात धरून फोटो काढलास, आणि शेवटी बारीक अक्षरात विचारलंस, "आजी, रागावली नाहीस ना? आता मी कुठली?"

पत्राला उत्तर देण्याची माझी पद्धत तुम्हाला ठाऊक आहे. आधी मुद्दे काढायचे, त्यांना आकडे घालायचे, मग लिहायचं. या वेळी कागदावर 'एक' हा आकडा घातला आणि त्याच्यापुढे काही सुचेना. आठवत राहिली ती धुरपताबाई. तेव्हा मुद्दे राहू देत, तिच्याबद्दलच लिहिते.

त्याआधी तेव्हाची तुमची आजी कशी होती ते सांगायला हवं, नाहीतर पुढचं खोटं वाटेल. पुण्याला इंग्रजी घेऊन बी. ए. झालेली, लग्न करून नागपुरात आलेली आणि नागपूरला सुधारण्याचा मनोमन विडा उचललेली अशी एक बाई डोळ्यांपुढे आणा. मुलींच्या शाळेत मी इंग्रजी शिकवत असे. घरातले मसाल्याचे डबे इंग्रजी वर्णमालेच्या क्रमाने लावलेले होते. जिरं 'सी'च्या रांगेत, कारण क्युमिन. तुमचे आजोबा बिचारे आयुष्यभर जिरं शोधत राहिले.

आणीबाणीच्या चार वर्षं आधीची गोष्ट. उन्हाळ्याच्या सुट्टीत मतदारयादी तपासण्याचं काम आम्हा शिक्षकांवर आलं. घरोघर जायचं, छापील यादीतली माणसं तिथे राहतात का ते बघायचं, नसतील तर नाव कमी करायचं, नवी असतील तर घालायचं. बाकीच्या बायका कुरकुरल्या. मी मात्र दोन रंगांच्या पेन्सिली विकत आणल्या. देशाची यादी नीट करायची म्हणजे माझ्यासाठीच निर्माण झालेलं काम, असं मला वाटलं.

माझ्या वाट्याला सक्करदऱ्याच्या तळ्यामागची कोष्ट्यांची एक गल्ली आली. एका मारुतीच्या देवळासकट बारा दारं, प्रत्येक दारावर महापालिकेने डांबराने काढलेला आकडा, आणि गल्लीच्या टोकाला एक कडुनिंब. मी सकाळी साडेसहाला पोचले तेव्हा गल्ली या टोकापासून त्या टोकापर्यंत सुतानं भरलेली होती. विणण्याआधी लुगड्याचे उभे धागे असे लांबच लांब ताणून त्यांना खळ लावतात. त्याला ताणा म्हणतात. ऊन चढायच्या आत खळ लावून, कुंच्याने सारखी करून, सुकवून घ्यावी लागते. मध्येच हात थांबला तर धागे एकमेकांना चिकटतात आणि आठवड्याची कमाई वाया जाते. म्हणून त्या वेळी गल्लीतल्या सगळ्या बायका ताण्याच्या दोन्ही बाजूंना उभ्या असतात. जिथे ताणा सांगेल तिथे उभं राहायचं. आपलं दार कुठलं हे त्या वेळी कोणी बघत नाही.

हे मला माहीत नव्हतं आणि मी विचारलंही नाही. मी दारावरचा आकडा बघितला, त्या दारासमोर उभ्या असलेल्या बाईला नाव विचारलं आणि लिहिलं. पुढचं दार, पुढची बाई. काम सरसर होत होतं. माझ्या मनात स्वतःबद्दल फार चांगले विचार येत होते.

सात नंबरचं दार बाहेरून कडी लावून बंद होतं. यादीत होतं, 'धुरपता, पती बळीराम'. समोर शेवंता नावाची बाई कुंचा फिरवत होती. मी विचारलं, "हे बळीराम कुठे असतात?"

"बऱ्हाणपूरले," ती मान वर न करता म्हणाली.

"केव्हापासून?"

"झाले की जी बहुत वर्ष."

नवरा जिथे तिथे बायको. मी स्वतः नवऱ्यामागून पुण्याहून इथे आले होते, मला याच्याहून वेगळं काही सुचण्याचं कारणच नव्हतं. मी लाल पेन्सिलीने नाव खोडलं आणि शेजारी सुवाच्य अक्षरात लिहिलं, 'सहकुटुंब स्थलांतर, मध्य प्रदेश'. आणि सात नंबरात शेवंताला घातलं.

तेवढ्यात कडुनिंबाखालून हाक आली. ताण्याच्या शेवटच्या टोकाची दोरी झाडाला वळसा घालून घेतली होती आणि ती धरून एक उंच, काळीसावळी, कपाळाला रुपयाएवढं कुंकू लावलेली बाई उभी होती. दोरी तिच्या हातातून सुटली असती तर अख्खा ताणा ढिला पडला असता.

"ओ बाई! जरा इकडंही पाहा!"

मी हात हलवला आणि म्हणाले, "क्रमाने येते!"

क्रमाने गेले. बाराव्या दाराला आकडे संपले. कडुनिंबाला नंबर नव्हता. मी पेन्सिली पेटीत ठेवल्या आणि घरी येऊन आंघोळ केली.

मतदानाच्या दिवशी माझी नेमणूक तिथल्याच शाळेत झाली. यादीतलं नाव शोधायचं आणि मोठ्याने वाचायचं, हे माझं काम. दार उघडलं तेव्हा रांगेत सर्वांत पुढे तीच बाई. काठाचं ठेवणीतलं लुगडं, न्हालेले केस, आणि डाव्या हाताचं बोट आधीच थोडं पुढे केलेलं.

"धुरपता," ती म्हणाली. "घर सात."

मी यादी बघितली. घर सात, शेवंता. खाली बघितलं, वर बघितलं. मग शेवटच्या पानावर, कमी केलेल्या नावांत ती सापडली.

सई, इंग्रजी शिक्षणाचा एक फायदा सांगते. आपण केलेली गोष्ट आपोआप झाली असं बोलायला ते शिकवतं. मी म्हणाले, "आपलं नाव वगळण्यात आलेलं आहे."

"कोणी वगळलं?"

"यादी तशीच आली आहे."

"मी अठी उभी हाये ना? मंग वगळलं कसं?"

केंद्रावरचे मुख्य अधिकारी आले. यादीत नाव नसेल तर काही करता येत नाही, असं त्यांनी समजावलं, आणि ते खरंच होतं. ती भांडली नाही. बाजूला झाली, शाळेच्या अंगणात भिंतीच्या सावलीला जाऊन बसली आणि बसूनच राहिली. सावली सरकली तशी तीही सरकली. गल्लीतल्या बायका एकेक करून आल्या आणि मत देऊन गेल्या. कागदावर त्यातली प्रत्येक जण शेजारच्या घरी नांदत होती. हमीदाबी नावाची एक विणकरीण तर यादीप्रमाणे मारुतीच्या देवळात राहत होती. देवळाला नंबर होता, आणि ती त्याच्यापुढे कुंचा घेऊन उभी होती. त्या सगळ्या जणींची मतं झाली. चुकीच्या घरात का होईना, पण त्या यादीत होत्या. कोरं बोट घेऊन बसली होती ती एकटी.

संध्याकाळी पेट्या गेल्या. मी पिशवी घेऊन अंगणातून निघाले तशी ती उठली आणि माझ्यासमोर आली.

"त्या दिवशी हात हालवला तो तुम्हीच ना, बाई?"

मी पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

"क्रमानं येते म्हणे! मी वाट पाहून राहिली ना वं. आल्याच नाही तुम्ही."

आवाजात राग नव्हता, तेच फार वाईट होतं. मी म्हणाले, "माझी चूक झाली."

"हाव," ती म्हणाली. "सकाळपासून बसली ते याच्यासाठीच. कोणी तरी एक जण म्हणन, का भूल झाली." आणि लुगडं झटकून चालायला लागली. चार पावलांवर थांबून म्हणाली, "मंग आता नाव चढवा परत. देशाच्या पहिल्या मतापासून देऊन राहिली मी. मधातच कशी सोडू?"

रविवारी मी गल्लीत गेले, आणि मग पुढे दहा-बारा वर्षं जातच राहिले. तिचा माग घरात शिरल्या शिरल्याच होता. जमिनीत कंबरेइतका खड्डा, त्यात पाय सोडून बसायचं आणि विणायचं. खरं म्हणजे मागावर पुरुष बसत आणि बायका सुताच्या कांड्या भरत. बळीराम बऱ्हाणपूरच्या कारखान्यात कामाला म्हणून गेला आणि महिन्याभरात येतो सांगून आलाच नाही, तेव्हा ही खड्ड्यात उतरली. गल्लीने नावं ठेवली. ती म्हणाली, खड्डा रिकामा ठेवला तर त्यात लेकरं पडतात.

बळीरामचं नाव ती घेत नसे. मी आपली समजूत करून घेतली की जुन्या वळणाची बाई, नवऱ्याचं नाव कसं घेईल. शेवंता तोंडाला पदर लावून हसली. "जुन्या वळणाची? ही? पहिल्या वेळेस यादी लिहाले आले होते ना, तवा आम्ही सगळ्या सांगू, लिहा अमक्याची बायको, लिहा ढमक्याची माय. अन ही सासऱ्याच्या पुढ्यात उभी राहून ओरडली, धुरपता! सासरा दोन दिवस जेवला नाही."

"यादीवाल्यानं विचारलं होतं नाव," धुरपताबाई आडव्या धाग्याचा धोटा फेकत म्हणाली. "विचारलं तर सांगावं. न विचारता कोणी लिहू नये. अन न विचारता कोणी जाऊ पण नये. तो जाताना विचारून गेला नाही. मी काहून घेऊ नाव?"

हेच तिचं सगळं तत्त्वज्ञान. आधी विचारा, मंग लिहा. स्वतंत्र विदर्भाच्या सह्या गोळा करणारी मंडळी एकदा गल्लीत आली. तिने त्यांना पाणी दिलं आणि म्हणाली, "होऊ द्या वेगळं, माहं काही म्हणणं नाही. पण मधात तीनदा बदललं तवा कोणी विचारलं नाही. आता तुम्ही विचारून राहिले, म्हणून घ्या अंगठा." दुसऱ्या महिन्यात अखंड महाराष्ट्रवाले आले. त्यांनीही विचारलं, त्यांनाही अंगठा मिळाला. मी म्हटलं, हे परस्परविरोधी आहे. ती म्हणाली, "दोघंही दारात आले ना, बाई? तुमच्यासारखे दुरून हात हालवून नाही गेले."

तर नाव परत घालण्यासाठीचा तो अर्ज, पहिल्या रविवारचा. मी घरून लिहून नेला होता. इंग्रजीत, दोनदा कच्चा आणि एकदा पक्का, दोन पानं. तिने मागावरून हात काढले आणि म्हणाली, "सांगा काय लिहिलं ते." मी मराठी करून सांगितलं. विणकर वस्तीतल्या विशिष्ट व्यावसायिक परिस्थितीमुळे, रहिवासी आपापल्या निवासस्थानी आढळून न आल्यामुळे, तसेच पतीच्या दीर्घकालीन अनुपस्थितीमुळे गैरसमज निर्माण होऊन...

तिने सगळं ऐकलं. मग विचारलं, "याच्यात मी घरी नव्हती, हे लिहून हाये. माहा माणूस गेला, हे लिहून हाये. गल्लीत ताणा होता, हे पण हाये. तुमची भूल कुठं हाये?"

मी दोन्ही पानं चाळली. नव्हती. इतक्या काळजीने लिहिलेल्या दोन पानांत कुठेही नव्हती.

तिथेच, मागाच्या कडेला कागद ठेवून मी मराठीत तीन ओळी लिहिल्या. 'मी दारांकडे पाहिले, माणसांना विचारले नाही. या बाईंनी मला हाक मारली होती, मी गेले नाही. त्या सात नंबरच्या घरातून कधीही कुठेही गेलेल्या नाहीत.' खाली सही केली. ती म्हणाली, "आता वाचा." वाचलं. "हं," ती म्हणाली आणि पाय खड्ड्यात सोडून परत विणायला लागली.

सुनावणीला आम्ही दोघी गेलो. अधिकारी तरुण होते, सभ्य होते, आणि त्यांच्यापुढे माझ्याच सुवाच्य अक्षरातला शेरा होता. त्यांनी विचारलं, "मध्य प्रदेशातून परत केव्हा आलात?"

"मी कुठून येऊ, साहेब?" धुरपताबाई म्हणाली. "मी लगन होऊन आली तवा इथं मध्यप्रांत होता. मंग त्याचं मध्य प्रदेश झालं. राजधानी इथंच होती, आपल्या नागपूरले. मंग ते उठून भोपाळले गेलं, अन इथं मुंबई आली. मंग महाराष्ट्र आला. मी हलली नाही. तेच येऊन-जाऊन राहिले."

मागच्या टेबलावरचा कारकून हसला. साहेब नाही हसले. "पण तुमचे यजमान तर परराज्यात आहेत."

"तो गेला तवा बऱ्हाणपूर आपलंच होतं जी. तो परराज्यात नाही गेला. राज्यच त्याच्या मागून फिरलं."

"तुम्ही इथेच राहता याचा काही पुरावा?"

रेशनकार्ड बळीरामच्या नावाचं होतं आणि ते त्याने जाताना नेलं होतं. तिच्याजवळ कागद म्हणावा असा काही नव्हता. साहेबांनी पेन खाली ठेवलं, तेव्हा पहिल्यांदाच तिचा चेहरा उतरलेला मी पाहिला. दोरी हातातून सुटत असल्यासारखी ती टेबलाची कड धरून उभी होती.

"खड्डा हाये साहेब," ती म्हणाली. "घरात खड्डा हाये मागाचा. सासऱ्याच्या आज्यानं खोदला. रोज पाय टाकून बसते मी त्याच्यात. माणूस जाईन हो कुठंही, खड्डा उचलून कोणी नेते का?"

मग मी माझा कागद पुढे केला. साहेबांनी तीन ओळी दोनदा वाचल्या आणि माझ्याकडे बघून इंग्रजीत म्हणाले, की हे फाइलला लावलं तर तुमच्या शाळेला कळवावं लागेल, जरा सौम्य शब्दांत लिहून आणता का. खोटं कशाला बोलू, मोह झाला. ते दोन पानी इंग्रजी माझ्या पर्समध्येच होतं. धुरपताबाईला इंग्रजी येत नव्हतं, पण तिने माझ्याकडे असं बघितलं की काय विचारलं गेलंय ते तिला अक्षर न् अक्षर समजलं असावं.

"लावा," मी म्हणाले.

शाळेच्या दफ्तरात माझ्या नावावर ठपका बसला. एकूण नोकरीतला तो एकच. त्याची प्रत मी 'प्रशस्तिपत्रके' या फाइलमध्ये ठेवली आहे. क्रमाने तिथेच येते ती.

नवी यादी छापून आली तेव्हा मी ती गल्लीत घेऊन गेले. तिला वाचता येत नव्हतं. मी तिचं बोट धरून ओळीवर ठेवलं. तिने बोट ओळीच्या टोकापर्यंत नेलं. मग विचारलं, "वरती कोण हाये?"

"शेवंता."

"अन खाली?"

"हमीदाबी." देवळातून तिलाही घरी आणलं होतं.

"मंग बराबर हाये," ती म्हणाली. "ताण्यावर पण आम्ही तशाच उभ्या राहतो."

त्यानंतरच्या प्रत्येक निवडणुकीला ती रांगेत पहिली. मत कोणाला देते हे तिने कधी सांगितलं नाही, आणि मी एकदा विचारलं तेव्हा म्हणाली, "हे मात्र विचारू नये." मला मात्र ती ऐकवत असे. "बाई, तुम्ही कुठल्या?" मी म्हणायची, पुण्याची. "अजून? वीस वर्ष झाले की! तुमचं पुणं आमच्यात येऊन बसलं, अन तुम्ही नाही आल्या?" माझी वाट बघायची वेळ आली की सगळी गल्ली एका सुरात म्हणायची, "येतीन, येतीन. क्रमानं येतीन."

निवृत्त झाल्यावर आम्ही तुमच्या बाबांकडे बंगलोरला राहायला जायचं ठरलं. निरोप घ्यायला गेले ती सकाळ होती. गल्लीत यंत्रमागांची खडखड सुरू झाली होती, हातमाग तीनच उरले होते, पण ताणा लागलेला होता. पूर्वीइतक्या बायका नव्हत्या, म्हणून प्रत्येकीला दोन ठिकाणी पळावं लागत होतं. कडुनिंबाखाली दोरी धरून धुरपताबाई. केस पांढरे, कुंकू तेवढंच. आणि सात नंबरच्या पायरीवर एक वाळलेला म्हातारा, मांडीवर कापडी पिशवी घेऊन, आलेला पण अजून न बसलेला वाटावा असा बसला होता. शेवंताने डोळ्यांनीच मला सांगितलं, कोण ते. बळीराम परत येऊन आठ दिवस झाले म्हणे. धुरपताबाई त्याला जेवायला वाढते, बोलत नाही.

आणि योगायोग असा नाही, याद्या तपासण्याचा उन्हाळाच होता तो, एक तरुण मास्तरीण यादी घेऊन दारांवरचे आकडे वाचत येत होती.

"ओ मॅडम!" कडुनिंबाखालून हाक आली. "दाराकडं नका पाहू! इकडं या आधी!"

"आजी, क्रमाने येते," ती मुलगी म्हणाली.

सगळी गल्ली हसली. मी सर्वांत जास्त हसले. धुरपताबाईने माझ्याकडे बोट दाखवलं. "एक अशीच म्हणून गेली होती. अजून येऊन राहिली."

मुलगी शहाणी होती. पेन्सिल थांबवून कडुनिंबापर्यंत चालत आली. नाव विचारलं, लिहिलं. मग पायरीकडे बघून म्हणाली, "आणि हे? यांचं नाव?"

कुंचे थांबले. खळ सुकत होती तरी थांबले.

"तोंड हाये त्याले," धुरपताबाई म्हणाली. "त्याले विचारा."

मुलीने पायरीजवळ जाऊन विचारलं, "बाबा, तुम्ही इथलेच का?"

म्हाताऱ्याने पिशवी घट्ट धरली. त्याने मुलीकडे बघितलं नाही. कडुनिंबाकडे बघितलं. "तिले विचारा," तो म्हणाला. "ती म्हणन तिथला."

धुरपताबाईने दोरी ओढून घेतली, ताणा पार टोकापर्यंत ताठ झाला, आणि त्या धाग्यांवर नजर ठेवूनच ती म्हणाली, "लिहून घ्या. खळ लावाले एक माणूस कमी पडून राहिला."

मी निघाले. गल्लीच्या वळणावरून मागे बघितलं तर पिशवी पायरीवर होती आणि म्हातारा सात नंबरसमोर कुंचा घेऊन वाकला होता. शेवंता त्याला काहीतरी टोचून बोलत होती. मी हात हलवला. धुरपताबाईच्या हातात दोरी होती, ती सोडता येत नव्हती, म्हणून तिने मान उंच केली आणि ओरडली,

"या हो बाई! क्रमानं या!"